डुप्लिकेटच्या दिवसांतली डिस्क

आश्विन लागला की अमरावतीच्या इतवाऱ्यात झेंडूचे ढीग पडतात आणि माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकू लागते. वरचं फूल ताजं आहे, म्हणजे खालचं कालचं असणार. पाणी मारलेलं असणार. दसऱ्याच्या आधी आपट्याची म्हणून जी पानं विकायला येतात, त्यातली निम्मी तर कांचनाची असतात. दोन्ही पानं मधून दुभंगलेली, पण कांचनाचं मोठं आणि मऊ, आपट्याचं लहान, जाड, हाताला जरा खरखरीत. यंदा मी विकणाऱ्या बाईला म्हटलंच, "मावशी, हा आपटा नाई, कांचन हाये." तिनं पदरानं कपाळ पुसलं. "असन. पन लोकं सोनं म्हनूनच देतात न वो? मंग सोनंच झालं." मी पुढे गेले. पुढच्या टोपलीतही कांचनच होता.

हा स्वभाव मला बाबांकडून आला आहे आणि त्याची मला लाजही वाटत नाही. मी दूध हुंगून घेते. पेट्रोल भरताना आकड्यावरची नजर काढत नाही. कुणी फारच गोड बोललं तर पर्स जवळ ओढते. नवरा म्हणतो, तुझ्यासमोर साक्षात देव उभा राहिला तरी तू त्याला ओळखपत्र मागशील. मागेन, त्यात काय चुकलं? मूर्तिजापूरला आमचं कृषी केंद्र होतं, म्हणजे बियाणं, खतं आणि फवारणीची औषधं विकायचं दुकान. पुढे दुकान, मागे घर. मी तिथे शाळेत जात होते ती वर्षं वऱ्हाडात कुणी कुणावर विश्वास ठेवायची नव्हतीच.

त्या वर्षांचा एक शब्द होता, डुप्लिकेट. तो आधी बियाण्याला लागला. मग औषधाला, खताला, डिझेलला, खव्याला, आणि हळूहळू माणसांना लागला. बी उगवलं नाही, डुप्लिकेट. अळी मेली नाही, डुप्लिकेट. गावात नवीन आलेला डॉक्टर, तोही डुप्लिकेट. पेपरात रोज ओळखीच्या एखाद्या गावाचं नाव यायचं आणि ते चांगल्या बातमीत नसायचं. बाबा पेपर वाचून घडी घालून ठेवायचे. काउंटरवर कुणी रिकाम्या बाटल्या आणून आपटल्या की त्यांचे प्रश्न ठरलेले. फवारा कधी मारला? पाणी किती टाकलं? पंपाचं नोझल साफ होतं का? प्रश्न बरोबर होते, पण सूर असा, की औषध चांगलंच आहे, खोट तुमच्यात आहे. समोरच्यालाही तो सूर कळायचा. तो गेला की बाबा बाटली उजेडात धरून तिच्यावरचं चकचकीत लेबल नखानं खरवडून बघायचे. "मले तरी काय मालूम?" ते आईला म्हणायचे. "मी काय बाटलीत घुसून पायलं?" त्यांचं खरं दुखणं हेच होतं. जे ते असली म्हणून विकत होते, ते असली आहे की नाही, हे त्यांना स्वतःला माहीत नव्हतं.

आमच्या शेजारचं दुकान हमीदचाचांचं, गाद्या-रजया भरण्याचं. कापूस पिंजायचं यंत्र दिवसभर घरघरायचं आणि कापसाचे बारीक तंतू आमच्या काउंटरवर, वजनकाट्यावर, चहाच्या कपात येऊन बसायचे. ऑक्टोबरच्या उन्हात बोंडं फुटून नवा कापूस यायला लागला की चाचा मूठभर कापूस हातात घेत, चिमटीनं ताणत आणि नाकाजवळ नेऊन हुंगत. ओल आहे का, नव्यात जुना मिसळलाय का, हे त्यांना वासावरून समजायचं. कापूसच काय, नवा रुमाल, माझं शाळेचं पुस्तक, हाताला येईल ते हुंगायची त्यांना सवय होती. आई थट्टा करायची. "हमीदभाऊ, चहा पन हुंगूनच पेता काय?"

"तुमच्या चहाले काय हुंगा लागते, वैनी? त्याचं अद्रक गल्लीतूनच समजते."

बाबांशी कुणी भांडायला आलं की चाचा आपलं यंत्र बंद करून आमच्या बाकावर येऊन बसायचे. फार बोलायचे नाहीत. एवढंच म्हणायचे, "वामनभाऊ डुप्लिकेट माल इकत नाई. मी शेजारी हावो, मले मालूम हाये." त्यांना काय मालूम होतं? काहीच नाही. पण त्यांनी म्हटलं की समोरचा आवाज एक पट्टी खाली यायचा. त्या दिवसांत कुणी कुणासाठी असं बोलत नव्हतं. बोलणाऱ्यावरच संशय यायचा, याचा काय फायदा म्हणून.

बिलांसाठी म्हणून बाबांनी कॉम्प्युटर घेतला तेव्हा गल्लीतली माणसं तो बघायला येऊन गेली. चाचा गादीचं कापड आणायला अकोल्याला जायचे, तिथून त्यांनी कॉम्प्युटरला भेट आणली. कॉम्प्युटरला, आम्हाला नाही, असंच ते म्हणाले. पुठ्ठ्याचा खोका, वर निळा डोंगर, पवनचक्की आणि टोपी घातलेला एक माणूस. आत खेळाची एक डिस्क. रस्त्यावर पातळ पिशवीत मिळायच्या तसली नाही, सीलबंद. "असली हाये," चाचा म्हणाले. "दुकानदार म्हने, तसली घ्या, तेच हाये. म्या म्हटलं, नाई बावा. वामनभाऊच्या घरी नकली चीज नाई नेत मी." बाबांनी खोका चारी बाजूंनी फिरवून पाहिला, चकचकीत लेबलावर नख मारलं आणि मगच उघडला.

गाव वसवायचा खेळ होता. एक ओसाड माळ मिळायचा. त्यावर घरं बांधा, विहीर खणा, शेत पेरा, कोठार भरा. मग माणसं राहायला येतात, मेंढ्या येतात, चोरही येतात. खेळ खरं तर माझ्यासाठी होता, पण माझ्या वाट्याला तो फार आला नाही. दुपारी जेवणं झाली की बाजार ओस पडायचा. शटर अर्ध्यावर ओढून बाबा माउस धरायचे, चाचा बाजूला स्टूल घेऊन बसायचे. टोपीवाल्या माणसाचं नाव त्यांनी पाटील ठेवलं होतं. बाबांनी पहिली काय गोष्ट बांधली असेल तर कोठाराभोवतीची भिंत.

"भाऊ, चोर याच्या आंधी मानूस त येऊ द्या गावात," चाचा म्हणायचे.

"पयले भिंत. मंग गाव."

"कोठारात अजून दाना नाई."

"म्हनूनच आताच बांधा लागते. दाना आल्यावर येळ कोनाले भेटते?"

आणि त्या खेळात पेरलं की उगवायचं. प्रत्येक वेळी. बाबांना ह्याचाही संशय यायचा. "पुरं उगवलं? एक बी वाया नाई?" ते पडद्याजवळ तोंड नेऊन बघायचे. "हे बियानं कोन्या कंपनीचं हाये, पाय बरं स्वाती." चाचा पोट धरून हसायचे. मेंढ्या आल्या तेव्हा मात्र चाचांनी माउस हातात मागून घेतला. "लोकर हाये त गाद्या भरू. पाटलाले म्हनाव, चांगला झोप आता." घामानं थबथबलेली ती दोन माणसं, मागे औषधांचा उग्र वास, हवेत तरंगणारा कापूस आणि पडद्यावर हिरवंगार परदेशी गाव. बाबांना इतकं सैल बसलेलं मी एरवी पाहिलं नव्हतं. त्या तासाभरात त्यांच्यावर कुणी संशय घेत नव्हतं आणि त्यांचा संशय फक्त मेंढ्यांवर होता.

मग दसरा आला. आमच्याकडे दसऱ्याला दुकानातल्या प्रत्येक हत्याराची पूजा व्हायची. वजनकाटा, फवारणीचे पंप, शटरचं कुलूप, गल्ला, बाबांची स्कूटर. आई हळद-कुंकवाची कोयरी घेऊन एकेका वस्तूला बोटं लावत जायची. त्या वर्षी कॉम्प्युटरचाही मान होता. त्याला झेंडूचा हार घालून आम्ही दिवसभर बंद ठेवला. संध्याकाळी चाचा दरवर्षीसारखे सोनं घ्यायला आले. बाबांनी त्यांच्या हातात आपट्याचं पान ठेवलं, गळाभेट झाली, आईनं कडाकणी दिली आणि त्यांनी ती हुंगून खाल्ली.

दुसऱ्या दिवशी दुपारी खेळ लागला नाही. डिस्क आत, आणि पडद्यावर इंग्रजीत सूचना: कृपया डिस्क घाला. बाबांनी काढली, परत घातली. कृपया डिस्क घाला. ते म्हणाले, "घातली न बे!" चाचांनी तोंडानं फुंकून ड्राइव्ह साफ केला. "मायाच दुकानातला कापूस गेला असन आत," ते म्हणाले. कापूस खरंच निघाला थोडा, पण खेळ काही लागला नाही. बाबांनी खोक्यावरचा नंबर बघून अकोल्याच्या दुकानात फोन लावला. पलीकडचा माणूस विचारत होता आणि बाबा उत्तरं देत होते. ड्राइव्ह साफ आहे का? कॉम्प्युटर कोणता आहे? डिस्क नीट घालता का? बाबांचा चेहरा बदलत गेला. हा सूर त्यांच्या ओळखीचा होता. डिस्क चांगलीच आहे, खोट तुमच्यात आहे.

हे एवढंच असतं तर निभावलं असतं. पण त्याच सकाळी एका ओळखीच्या माणसानं अळीच्या औषधाच्या बाटल्या काउंटरवर ओतल्या होत्या आणि भर बाजारात बाबांना डुप्लिकेट म्हटलं होतं. औषधाला नाही, बाबांना. तेव्हाही चाचाच मध्ये पडले होते. आणि दुपारी बाबा फोन ठेवून वळले ते त्यांनाच म्हणाले, "हमीदभाऊ, तुमी मले डुप्लिकेट आनून देल्ली."

चाचा हसले. त्यांना गंमत वाटली. मग त्यांनी बाबांच्या तोंडाकडे पाहिलं.

"असली म्हनून देल्ली तुमी," बाबा म्हणाले. "माह्या घरात. सारं गाव मले नकली म्हनून राहिलं, आता तुमी पन नकली आनून द्या."

चाचांनी डिस्क हातात घेतली. दाराकडे जाऊन उजेडात तिरपी धरली. सवयीप्रमाणे नाकाजवळ नेली. मग त्यांनी एकदा आतल्या दाराकडे पाहिलं, जिथे आई भांडी घासत होती. मला वाटलं ते आता काहीतरी बोलतील, भांडतील, अकोल्याच्या दुकानदाराला शिव्या देतील. त्यांनी डिस्क डबीत ठेवली आणि डबी बंद केली. "असन, भाऊ," ते म्हणाले. "मले फसवलं असन त्यानं." स्टूल उचलून त्यांनी भिंतीला लावलं आणि गेले.

त्यानंतर ते रस्त्यात भेटले की नमस्कार करायचे, मला "बेटा, कितवीत गेली?" विचारायचे, पण आमच्या बाकावर येऊन बसले नाहीत. दसऱ्याला सोनं घ्यायलाही नाही. बाबांनीही बोलावलं नाही. पुढे काउंटरवर आवाज चढायचे तेव्हा शेजारचं यंत्र घरघरतच राहायचं. "वामनभाऊ डुप्लिकेट माल इकत नाई" असं म्हणणारं कुणी उरलं नाही, आणि मला वाटतं, बाबांचा स्वतःवरचा भरवसा उडाला तो तेव्हा. दुकान त्यानंतरही बरीच वर्षं चाललं. नुसतं चाललं. कॉम्प्युटर भंगारात गेला, त्यातलं गावही गेलं.

आता आई-बाबा माझ्याकडे अमरावतीला असतात. यंदा घट बसायच्या आधी माळा साफ करताना तो खोका सापडला. निळा डोंगर विटून पांढरा झालेला, पाटलाची टोपी झुरळांनी कुरतडलेली. मी तो टाकणारच होते, पण बाबांनी पाहिला. कितीतरी वेळ मांडीवर घेऊन बसले.

"लाव हे," ते म्हणाले.

"बाबा, आता असं नाही लागत. आणि तुम्हाला खेळायचं का आता?"

"मले खेयाचं नाई. मले पायचं हाये, असली होती का नकली." मग खोक्याकडेच बघत म्हणाले, "हमीदले मी बोललो ते खरं बोललो का उगाच बोललो, हे मले समजलं पायजे. मराच्या आंधी समजलं पायजे."

मला भीती वाटली, हे खरं सांगते. डिस्क नकली निघाली तर चाचांवरचा डाग पक्का होणार. असली निघाली तर बाबांना या वयात ते सोसावं लागणार. झाकली मूठ झाकलेलीच बरी, असं माझं मत. पण बाबांनी माझा लॅपटॉप ओढून घेतला होता आणि त्याच्या चारी कडांवरून बोट फिरवत होते. "याले तोंडच नाई," ते म्हणाले. "हा खाईन कसा?"

बाहेरून जोडायचा ड्राइव्ह मी विकत आणला. डिस्क घातली. ती फिरली, घरघरली, थांबली. लॅपटॉपला आत काही दिसेना. मी ड्राइव्हवर संशय घेतला आणि माझ्या लग्नाची डिस्क घालून पाहिली, तर लग्न लगेच सुरू झालं, सनईसकट. म्हणजे ड्राइव्ह निर्दोष होता. बाबांनी हळूच तो शब्द उच्चारला, डुप्लिकेट, आणि त्यात जिंकल्याचा आनंद अजिबात नव्हता.

मी डिस्क खिडकीशी नेली. आरशासारख्या बाजूवर गोल गोल ओरखडे होते, एखादं ताट घासावं तसे. आणि एका ठिकाणी बोटाएवढा डाग. फिकट, पिवळा. नखानं निघेना. प्लास्टिकमध्येच मुरलेला. असा पिवळा डाग आमच्या घरातल्या प्रत्येक प्लास्टिकच्या डब्यावर आहे.

"आई," मी हाक मारली, "दसऱ्याला तू या डिस्कची पूजा केली होतीस?"

आई शेंगा सोलत होती. "केली न. तेच टाकल्यावर त चालू होत होतं ते यंत्र. मंग त्याची नाई त कोनाची करा लागते?"

"हळद-कुंकू कुठे लावलंस?"

"तोंडाले लावलं."

"तोंड म्हणजे हे?" मी चकचकीत बाजू दाखवली. "आई, लिहिलंय ती वरची बाजू. ही खालची."

"लिहेल त मांगं असते," आई म्हणाली. "तुया बाबाच्या बियान्याच्या पाकिटाले सारं लिहेल मांगंच असते. हे आरशासारखं हाये, मंग हेच तोंड होय न? पाठीले कोनी कुंकू लावते काय?" बोलता बोलता तिचे हात थांबले. "सकायी मंग ओल्या फडक्यानं पुसून ठेवली म्या. चांगली घासून." तिनं आधी माझ्याकडे पाहिलं, मग बाबांकडे, आणि मग तिच्या सगळं लक्षात आलं. तिनं पदर तोंडाला लावला. "अवो माय! म्या केलं हे?"

इतकी वर्षं आम्ही कापसावर, ड्राइव्हवर, अकोल्याच्या दुकानदारावर आणि चाचांवर संशय घेतला होता. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात. इथे तर चोरही कुणी नव्हतं. बाबा आईला एक अक्षर बोलले नाहीत. पण ते बधलेही नाहीत. "हयदीनं बिघडली, हे समजलं," ते म्हणाले. "असली होती का, हे कुठी समजलं?"

ओरखड्यांवर टूथपेस्ट चोळावी असं इंटरनेटवर वाचलं. माझा यावर काडीचा विश्वास नव्हता. आईनं मात्र डिस्क मांडीवर घेतली आणि मी सांगितलं तसं, गोल नाही, मधून बाहेरच्या दिशेनं, कापडाची घडी हळूहळू फिरवत राहिली. धुऊन पुसून घातली, तर ड्राइव्ह बराच वेळ कण्हला आणि पडद्यावर पाटील उगवला. टोपी घातलेला, एवढासा, चौकटीतला. आई म्हणाली, "दिसला!"

पण माझा लॅपटॉप माझ्याच वळणावर गेलेला. तो म्हणाला, हा कार्यक्रम कुणी बनवला ते मला माहीत नाही. म्हणाला, हा या कॉम्प्युटरवर चालणार नाही. म्हणाला, यातला एक भाग धोकादायक असू शकतो म्हणून मी तो अडवला आहे. मला त्याचं कौतुकच वाटलं. दारात आलेल्या जुन्या पाहुण्याला उंबऱ्यावरच उभं करून तो एकामागून एक कागद मागत होता. जुने खेळ लावणाऱ्यांच्या एका साइटवर कुणीतरी सोपी युक्ती दिली होती. एक फाइल उतरवून घ्यायची, म्हणजे खेळ डिस्क विचारतच नाही. मी ती बाबांना वाचून दाखवली.

"असं कसं?" बाबा ताठ बसले. "इचारतच नाई त असली का नकली कसं समजन? त्याले इचारू दे. त्यानं इचारलंच पायजे."

ते बरोबर बोलत होते. त्या काळी असले खेळ सुरू होताना आधी डिस्क तपासायचे, आणि नक्कल केलेली असली तर तिथेच अडायचे. आम्हाला नेमकी तीच तपासणी हवी होती. मग लांबचा रस्ता धरावा लागला. नव्या कॉम्प्युटरच्या पोटात जुना कॉम्प्युटर वसवता येतो, नुसता प्रोग्रॅमचा, पण खेळाला वाटतं आपण आपल्याच काळात आहोत. शनिवार-रविवार त्यात गेले. काही जमायचं, काही फसायचं. एकदा खेळाची ओळख दाखवणारं चित्र सुरू झालं, तर ते नव्या यंत्रात इतकं भरधाव पळालं की पवनचक्कीची पंख्यासारखी भिंगरी झाली. बाबा दर वेळी विचारायचे, "कोठी अडकलं?" मी सांगायचे आणि ते मान हलवायचे, एखाद्याच्या आजारपणात बसावं तसे बसून.

शेवटी एका दुपारी पडदा काळा झाला आणि त्यावर अक्षरं आली. डिस्क तपासत आहे. ड्राइव्ह घरघरला. आई कोयरी बाजूला ठेवून उभी राहिली. दसरा दुसऱ्याच दिवशी होता. घरघर थांबली. पुन्हा सुरू झाली. मी मनात म्हटलं, आता तीच सूचना येणार, कृपया डिस्क घाला. आणि पडद्यावर ओसाड माळ उघडला. कडेला निळा डोंगर, मध्ये पाटील, हात कमरेवर ठेवून आमची वाट बघत.

"असली निघाली," बाबा म्हणाले.

त्यांचा चेहरा उजळला आणि तसाच पडला. त्यांनी माउसला हात लावला नाही. मग म्हणाले, "उद्या मूर्तिजापूरले जाऊ."

आई आली नाही. मला तोंड दाखवायची लाज वाटते म्हणाली. दसऱ्याच्या दुपारी बाबा आणि मी रेल्वेनं निघालो. बडनेऱ्याच्या पुढे दोन्ही बाजूंनी कापूस फुटलेला होता. बाबा खिडकीतून बघत होते, डिस्कचा खोका पिशवीत, पिशवी मांडीवर. मूर्तिजापूरला स्टेशनाबाहेर एकच पोऱ्या सोन्याच्या जुड्या घेऊन बसला होता. बाबांनी पान अंगठा आणि बोटात धरून चोळलं. आयुष्यभर बियाणं विकलेला माणूस. माझ्याकडे बघून म्हणाले, "कांचन हाये." पोऱ्याकडे दुसरं काही नव्हतं आणि बाजार लवकर उठला होता. बाबांनी जुडी घेतली.

हमीदचाचांच्या दुकानात आता तयार फोमच्या गाद्या उभ्या असतात, धंदा मुलगा बघतो. पिंजायचं यंत्र कोपऱ्यात झाकलेलं. चाचा खुर्चीत बसले होते, दाढी पांढरी, अंग वाळलेलं. त्यांनी ओळखायला वेळ घेतला नाही. "या भाऊ," म्हणाले, जसं काही बाबा कालच येऊन गेले होते. मग माझ्यामागे रस्त्यावर पाहिलं. "वैनी नाई आल्या?"

"नाई आली," बाबा म्हणाले. त्यांनी बसायच्या आधीच पिशवीतून खोका काढला. "हमीदभाऊ, डिस्क असली होती. लावून पायली. असली होती. मी तुमाले उगाच बोललो."

चाचांनी खोका घेतला, पाटलाच्या कुरतडलेल्या टोपीवरून हात फिरवला. "मले मालूम हाये," ते म्हणाले.

"काय मालूम हाये?"

"तवाच मालूम होतं. हयदीचा वास येत होता न भाऊ तिले. पिवयी दिसत पन होती उजेडात."

बाबा बघतच राहिले. "मंग तवाच काहून नाई सांगतलं?"

चाचांनी खोका मांडीवर ठेवला. "काय सांगू?" ते म्हणाले. "वैनीच्या पूजेनं बिघडली म्हनू? तुमच्या घरातल्या हयदी-कुंकवानं बिघडली, हे म्या सांगाचं? म्या? दिवस कसे होते, भाऊ. कोनी कसं घेतलं असतं?" मग जरा हसले. "त्यापेक्षा मी डुप्लिकेट बरा. येवढ्यावर भागत होतं."

बाबा रडले. भर दुकानात, चाचांच्या मुलासमोर, तोंड न झाकता रडले. मी त्यांना कधी रडताना पाहिलं नव्हतं. चाचांनी त्यांचा हात धरून आपल्या बाजूच्या स्टुलावर बसवलं. तेच स्टूल होतं की दुसरं, ते मी नीट पाहिलं नाही.

मग बाबांनी डोळे पुसले, पिशवीतली जुडी सोडली आणि एक पान चाचांच्या हातात ठेवलं. "सोनं घ्या, हमीदभाऊ."

चाचांनी पान उलटं केलं, सुलटं केलं. सवयीनं नाकाजवळ नेलं. कापसातली ओल वासावर ओळखणाऱ्या त्या नाकाला कांचन कळला नसेल, यावर माझा मुळीच विश्वास नाही. बाबा खाली मान घालून पानाकडे बघत होते.

"असली हाये, भाऊ," हमीदचाचा म्हणाले आणि त्यांनी ते पान सदऱ्याच्या खिशात ठेवलं.